हिरामण आप्पांची उलटधार

हिरामण आप्पांना गोष्ट सांगता येत नसे. हे आधीच सांगून टाकलेलं बरं. सांगता सांगता ते मध्येच थांबायचे, हात वर करायचे आणि म्हणायचे, "थांबा, थांबा. मांगे ल्या." म्हणजे गोष्ट मागे घ्या. मग मघाशी बुरुजावर चढलेला रणू खाली उतरायचा, मेलेला पहारेकरी धूळ झटकत उठून बसायचा, आणि आम्ही बायका हातातली कात्री थांबवून एकमेकींची तोंडं बघायचो. शेवंतामावशी तर तोंडावर म्हणायची की या माणसानं संसारही असाच पुढे-मागे करत हाकला असेल. तरी सुट्टीच्या दुपारी ओट्यावर सावलीची जागा धरायला सगळ्यांत आधी तीच हजर असायची.

मी लग्न होऊन सुरतेत लिंबायतला आले ती प्लेगच्या सालानंतर. आमची सगळी गल्ली खानदेशातली, कोणी अमळनेरकडचं, कोणी दोंडाईचाकडचं. पुरुष लूमच्या खात्यात, म्हणजे मागांच्या कारखान्यात, आणि बायका घरी साड्यांचे सुटलेले धागे कापणार. आठवड्यातून एक दिवस खात्यांची वीज बंद असे, त्या दिवशी गल्लीत एकदम इतकी शांतता व्हायची की सुरुवातीला मला कसंतरीच वाटायचं. त्याच शांततेत आप्पांची गोष्ट चालायची. लूमवर जन्म काढलेली माणसं मोठ्यानं बोलतात, कारण त्यांचे कान गेलेले असतात. आप्पांचं उलटं होतं. ते इतकं हळू बोलायचे की निम्मे पुरुष कानामागे पंजा धरून त्यांच्या अंगावर रेलून बसायचे.

आप्पांचा मुलगा हरवला आहे हे मला पहिल्या आठवड्यातच कळलं. असल्या गोष्टी नव्या नवरीला पाणी कुठून भरायचं हे कळायच्या आधी कळतात. त्या मुलाचा आणि गोष्टीतल्या तलवारीचा काही संबंध आहे हे मात्र मला बरेच दिवस उमगलं नाही. मला वाटायचं, म्हाताऱ्याला छंद आहे. म्हातारा तरी कसला, पन्नाशीचाही नसेल, पण भुवयांत कायम सुताचा भुगा अडकलेला असल्यानं तो तसा दिसायचा.

माझा नवरा आप्पांच्याच खात्यात होता. तो सांगायचा, विणताना कापडात कुठे पट्टी पडली तर बाकीचे कारागीर डोळेझाक करून पुढे जातात, आप्पा लूम थांबवतात. चाक हातानं उलटं फिरवत, एकेक धागा ओढून काढत चूक पडली तिथपर्यंत मागे जातात आणि मग पुन्हा पुढे विणायला लागतात. शेठ चिडायचा. "अल्या हिरामण, कापड वणे छे के उखेळे छे?" म्हणायचा, विणतोस की उसवतोस. आप्पा म्हणत, शेठ, कापडात तरी मागे जाता येतं. शेठला यातलं काही कळायचं नाही, आणि खरं सांगायचं तर तेव्हा मलाही कळलं नव्हतं.

आता त्या तलवारीविषयी. तिचं नाव उलटधार. आप्पांच्या गोष्टीतला मुलूख सात आभाळांच्या पलीकडे होता. तिथे सूर्य निळा, चंद्र तीन, आणि माणसं काचेच्या धोट्यांत बसून एका ताऱ्यावरून दुसऱ्या ताऱ्यावर जायची. लूमवर धोटा जसा या टोकाकडून त्या टोकाकडे सटकतो तसे ते आभाळातून सटकायचे. तिथल्या राजानं सगळा काळ एका बुरुजात कोंडून ठेवला होता आणि लोकांना तो रेशनवर मिळायचा, रॉकेलसारखा. लोक डबे घेऊन रांगेत उभे राहायचे आणि एकेक दुपार, एकेक संध्याकाळ मोजून घेऊन जायचे. रांग मोडणाऱ्याला राजाची लोखंडी माणसं उचलून न्यायची. रॉकेलचा भाग आला की बायका अशा काही मनापासून शिव्या द्यायच्या की आप्पांना दम खावा लागायचा.

या राजाच्या विरुद्ध रणू नावाचा शिपाई होता. मेलेल्या ताऱ्याचं लोखंड वितळवून त्याच्या बापानं ही तलवार घडवली होती. तिला धार पुढे नव्हती, पाठीला होती. सरळ फिरवली तर काकडीसुद्धा कापायची नाही. पण उलटी फिरवली की काळ वाकायचा. सुटलेले बाण धनुष्यात परत यायचे, सांडलेलं पाणी घागरीत शिरायचं, जळालेलं गाव पुन्हा हिरवं व्हायचं. हे सांगताना आप्पा उठून उभे राहायचे आणि लाकडी फणी हातात धरून मनगट असं काही वळवायचे की अंगावर काटा यायचा. तेवढं मात्र त्यांना छान जमायचं.

गोष्टीत घोळ होता तो पुढे. राजानं शहरात विषारी धूर सोडला. लोक पळाले. आभाळाच्या दारात काचेच्या धोट्यांपाशी रेटारेटी झाली. रणूच्या खांद्यावर बाळराजा होता, त्या मुलखाचा खरा वारस. रणूला आत शिरता येईना, म्हणून त्यानं बाळराजाला एका धोट्याच्या झरोक्यातून आत दिलं आणि स्वतः दाराकडे वळला. तेवढ्यात धोटा सुटला. कोणत्या ताऱ्यावर गेला, कोणाला माहीत नाही.

मग काय, रणूनं उलटधार फिरवली. धोटा मागे आला, धूर मागे गेला, बाळराजा पुन्हा खांद्यावर. आम्ही सुटकेचा श्वास टाकला. आणि रणूनं बाळराजाला पुन्हा त्याच झरोक्यातून आत दिलं.

"येडा शे का हाई रणू?" शेवंतामावशी भडकली. "इतली मोठी तरवार हातमा, नि अक्कल नही."

"येडा नही व बाई," आप्पा म्हणाले. "काळ मांगे गया, तसा तोबी मांगे गया. पुढे काय व्हवाव शे ते त्याले कसं मालूम? त्या टायमले त्याले तितलंच मालूम व्हतं."

झालं, गल्लीला चाळा लागला. दर सुट्टीला कोणी ना कोणी नवी युक्ती घेऊन यायचं. मी म्हटलं, रणूच्या उपरण्याला गाठ मारा, म्हणजे त्याला आठवेल. आप्पांनी विचार केला आणि म्हणाले, काळ मागे गेला की गाठही सुटते. कोणी म्हणालं, हातावर गोंदवा. गोंदणही मागे जातं. माझा नवरा स्वतःला फार हुशार समजतो, तो म्हणाला की झरोकाच बुजवून टाका. पण झरोका बुजवायचा तर तो बुजवायला हवा हे आधी कळायला हवं. प्रत्येक युक्ती आप्पा अगदी मनापासून करून बघायचे. रणूला पुन्हा उभा करायचे, तलवार फिरवायचे, आणि पुन्हा बाळराजा झरोक्यातून आत जायचा. आम्हाला तो खेळ वाटत होता. आप्पांच्या कपाळावर घाम यायचा तो मी बघितला होता, पण सुरतेत घाम कोणाला येत नाही?

आप्पांची बायको मथुरामाय या गोष्टीला कधी बाहेर आली नाही. ती दाराच्या आत बसून चाकावर सुताच्या कांड्या भरायची. ती तिरसट आहे असं सगळे म्हणायचे, मीही म्हणायचे. पुढे श्रावण लागला आणि कानबाईच्या सणाच्या आदल्या दिवशी मी तिच्याकडे चाळणी मागायला गेले, तेव्हा मला काय ते कळलं.

कानबाईच्या रोटाचे गहू कसे काढतात हे खानदेशी माणसाला सांगायला नको, इतरांसाठी सांगते. घरात जितके पुरुष असतील, तान्हं बाळसुद्धा, तितक्यांच्या नावानं सव्वा-सव्वा मूठ गहू काढायचा. त्याच पिठाचे रोट. ते घरच्यांनी आणि भाऊबंदांनीच खायचे, बाहेरच्याला तुकडा द्यायचा नाही आणि पौर्णिमेच्या आत संपवायचे. मी गेले तेव्हा गावाहून आप्पांचे थोरले भाऊ दगाभाऊ आले होते. सुपात गहू पडत होता. दगाभाऊंच्या नावाचा पडला, त्यांच्या मुलांच्या नावाचा, आप्पांच्या नावाचा. मग मथुरामायनं पुन्हा मूठ भरली आणि दगाभाऊंनी तिचा हात धरला.

ते काही दुष्टपणानं बोलले नाहीत. म्हणाले, आता पुरे. जो नाही त्याच्या नावानं मूठ काढू नये, देवीला फसवल्यासारखं होतं. एकदा मनाशी ठरवा, त्याचं काय करायचं ते करा आणि मोकळे व्हा. मथुरामायची मूठ हवेत तशीच राहिली. बोटांच्या फटीतून दाणे गळत होते. तिनं आप्पांकडे बघितलं.

आप्पांचा आवाज त्या दिवशी पहिल्यांदा गल्लीभर गेला. "तो खाई ऱ्हायना," ते म्हणाले, म्हणजे तो जेवतोय. "कोठे तरी, कोना तरी हातनं तो आज खाई ऱ्हायना. तुले काय मालूम?"

दगाभाऊंनी हात सोडला. गहू सुपात पडला. मी चाळणी न घेताच घरी आले. त्या वर्षी मुलाच्या वाट्याचा रोट आप्पांनीच पौर्णिमेपर्यंत रोज थोडा थोडा करून संपवला. त्यांना पित्ताचा त्रास होता, जड अन्न सोसत नव्हतं, रोज छातीला हात लावून बसायचे. पण दुसऱ्या कोणाला हात लावू दिला नाही.

रोट संपल्यावर मथुरामायनं मला आपणहून बोलावलं आणि सगळं सांगितलं. कांडी भरत, मान वर न करता. मुलाचं नाव भटू. चार वर्षांचा होता. प्लेगची आवई उठली आणि सुरत रिकामी व्हायला लागली तेव्हा हेही उधना स्टेशनात भुसावळच्या गाडीसाठी गेले. दारांना माणसं लोंबकळत होती. डब्याला एक खिडकी बिनगजांची असते, तिच्यातून जागा धरायला आपले लोक पिशवी टाकतात, टोपी टाकतात, पोर टाकतात. पोर आत बसलं की आईबापाला कोणी अडवत नाही, ही आपली रीत. आप्पांनी भटूला त्या खिडकीतून आत दिलं आणि हिला दारातून चढवायला धावले. रेट्यात ही पडली. ते तिला उचलायला वाकले आणि गाडी सुटली.

मग ते ताप्तीच्या बाजूनं स्टेशनामागून स्टेशन फिरले. पोलिसांत सांगितलं, देवस्थानांत शोधलं, अनाथाश्रमांत विचारलं. मुलाला गावाचं नाव सांगता येत नव्हतं, फक्त आपलं नाव यायचं. आणि खानदेशात भटू नावाची पोरं गल्लीगल्लीला. आप्पा कुठे भटू म्हणून हाक ऐकली की अजून वळतात, असं ती म्हणाली.

"माय, तू त्यांना काही बोलत नाहीस?" मी विचारलं.

"काय बोलू? मी ऱ्हातू तर मीबी तेच करतू. बठ्ठाच करी ऱ्हायंतात." तिच्या जागी सगळ्यांनीच तेच केलं असतं, सगळेच तसं करत होते, असं तिचं म्हणणं.

त्यानंतरच्या सुट्टीला मला ओट्यावर जायला नको वाटत होतं. पण गेले नसते तर आप्पांना कळलं असतं की मला कळलंय. गोष्ट नेहमीसारखी आभाळाच्या दारापाशी आली. शेवंतामावशीनं नवी युक्ती सांगायला तोंड उघडलं होतं, तेवढ्यात दाराच्या आतून मथुरामायचा आवाज आला. इतक्या वर्षांत ती गोष्टीत पहिल्यांदा बोलत होती.

"रणूले ऱ्हाऊ द्या. त्या धोटामा पोऱ्या कोनी लिधा? बाई व्हती का माणूस?"

आप्पा थांबले. हातातली फणी त्यांनी मांडीवर ठेवली. "बाई व्हती," ते म्हणाले.

"कशी लिधा?"

"दोन्ही हात बाहेर काढीसन."

आत कांडीचं चाक थांबलं. "दोन्ही हातनी?"

"हा. दोन्ही हातनी."

"मंग पोऱ्याले टाकाव नही ती," मथुरामाय म्हणाली. "तिनं तोंड कसं व्हतं?"

आप्पांना सांगता येईना. त्यांनी डोळे मिटले. मग म्हणाले, थांबा, मागे घ्या. रणूनं उलटधार फिरवली. धोटा मागे आला, धूर मागे गेला. या वेळी रणूला बाळराजाला थांबवायचं नव्हतं. त्याला फक्त झरोक्यातलं तोंड बघायचं होतं. पण निळ्या सूर्याचं ऊन काचेवर आलं. पुन्हा फिरवली. या वेळी कोणाचा तरी खांदा मध्ये आला. पुन्हा फिरवली, तर रणू बाळराजाच्या पायातून निसटत असलेल्या चपलेकडे बघत होता. हात दिसत होते, त्या हातांतल्या हिरव्या बांगड्या दिसत होत्या, वर तोंडाच्या जागी काही नव्हतं. पुढच्या सुट्टीलाही तेच, त्याच्या पुढच्याही. ऐकणारे एकेक करून उठून गेले. शेवंतामावशीसुद्धा येईनाशी झाली. शेवटी ओट्यावर मी आणि दाराच्या आत मथुरामाय, एवढ्याच उरलो.

मला राहवेना. पोटात पोर असताना मला ते बघवत नव्हतं, मला सातवा महिना होता. मी चिडूनच म्हटलं, "आप्पा, गोष्ट तुमची आहे. द्या ना तिला एक तोंड. गोल म्हणा, गोरं म्हणा, नाकात फुली म्हणा. मायला तरी बरं वाटेल."

"खोटं तोंड लाईसन काय करू व पोरी?" ते म्हणाले. "मंग मी जनमभर तेच धुंडत फिरसू. नि खरी बाई समोरथून निंघी जाई."

त्यानंतर त्यांनी उलटधारीची गोष्ट सांगितली नाही. सुट्टीच्या दिवशी ओट्यावर बसायचे, पण गप्प. कोणी आग्रह केला तर म्हणायचे, तलवार बोथट झाली. पोरं हसायची. मला हसू यायचं नाही.

मला मुलगी झाली. पुढच्या श्रावणात माझ्या नवऱ्यानं सुरत सोडायचं ठरवलं. खात्यात कामाचं काही खरं राहिलं नव्हतं, आणि अमळनेरला त्याच्या मामांनी काम बघून ठेवलं होतं. कानबाईला गावी जाणाऱ्यांची गर्दी असते त्याच दिवसांत आम्हाला बिऱ्हाड हलवावं लागलं. सामान जास्त होतं, म्हणून नवऱ्यानं आप्पांना बरोबर घेतलं. आप्पा त्या सालानंतर उधना स्टेशनात कधी कोणाला पोचवायला गेले नव्हते, हे त्याला ठाऊक नव्हतं. मला होतं. मी आप्पांना म्हटलं, तुम्ही राहू द्या. ते ट्रंक डोक्यावर घेऊन पुढे चालायला लागले.

गाडी आली ती भरूनच आली. नवरा सामान घेऊन दारातून कसाबसा आत घुसला आणि हाका मारायला लागला. रेटा असा होता की पोर चेंगरली असती. आप्पांनी तिला माझ्या कडेवरून घेतलं आणि म्हणाले, "तू चढ. मी धरस." मी चढले. चढले म्हणजे मला लोकांनीच आत ढकललं. आत गेल्यावर दाराकडे परत फिरायला वाटच नव्हती. पुढे बिनगजांची खिडकी होती. तिच्याशी बसलेल्या माणसाच्या अंगावरून वाकून मी बाहेर डोकावले.

आप्पा खाली उभे होते. पोरीला त्यांनी छातीशी घट्ट धरलं होतं. मी हात पुढे केले. त्यांनी दिली नाही.

गाडीची शिटी झाली. मी म्हटलं, आप्पा, द्या. ते माझ्या हातांकडे बघत होते. गाडीनं धक्का दिला. आत नवरा ओरडायला लागला, पोर कुठंय म्हणून. गाडी हलली. आप्पा बरोबर चालायला लागले, मग पळायला लागले, पोर छातीशी तशीच. मला त्या क्षणी त्यांची दया आली नाही, हे खोटं कशाला सांगू. मला फक्त माझी पोर दिसत होती. मी कमरेपर्यंत बाहेर वाकले आणि ओरडले, "आप्पा, मी आहे. माझ्याकडे बघा. मी आहे."

तेव्हा त्यांनी मान वर केली. पळता पळता त्यांनी माझं तोंड बघितलं. कपाळ बघितलं, डोळे बघितले, नाक, हनुवटी, कापडाचा ताका तपासताना कारागीर बघतो तसं वरपासून खालपर्यंत, घाई न करता बघितलं. आणि मग दोन्ही हातांनी पोर वर केली. मी दोन्ही हातांनी घेतली.

"दिधी व पोरी," ते म्हणाले. "धर."

पोर माझ्या खांद्यावर रडत होती, मागचा माणूस आत व्हा म्हणून खेकसत होता, नवरा माझं लुगडं धरून ओढत होता. आप्पा मागे पडले होते, पण अजून इकडेच बघत होते. मी पदर मागे सारला आणि प्लॅटफॉर्म संपेपर्यंत तोंड बाहेरच ठेवलं.